बाटली आधी कानात ओततात

आपल्या आज्या 'वरचं दूध' म्हणायच्या. म्हणताना त्यांचा आवाज खाली यायचा, कारण घरात वरचं दूध आलं म्हणजे काहीतरी बिघडलेलं असायचं. बाळंतीण अंथरुणाला खिळलेली, नाहीतर गेलेली. आता त्याच दुधाला दवाखान्यात 'टॉप फीड' म्हणतात, आणि म्हणणाऱ्याचा आवाज खाली येत नाही. आपल्याकडे टॉप म्हणजे पहिला नंबर. पोरगं वर्गात टॉप, गाडीचं मॉडेल टॉप, मग फीडही टॉप. ज्या शब्दाने धास्ती वाटायची त्याच्या जागी मिरवायचा शब्द बसला आणि कुणाला काही वावगं वाटलं नाही.

माझं म्हणणं सरळ आहे. दूध पाजायची बाटली तान्ह्याच्या तोंडात जाण्याआधी आईच्या, सासूच्या आणि नवऱ्याच्या कानात ओतली जाते. ती इंग्रजीत ओतली जाते, आणि ओतणाऱ्याला त्या इंग्रजीचे पैसे मिळतात. हे मी संतापून म्हणते आहे असं वाटत असेल तर बरोबर वाटतंय.

भाचीच्या बाळंतपणाला मी एका खासगी नर्सिंग होममध्ये होते. नाव लिहीत नाही. असली नर्सिंग होम गल्लोगल्ली आहेत, एकट्याला कशाला मोठेपणा द्यायचा? दुसऱ्या दिवशी सकाळी सिस्टर आली आणि भिंतीकडे बघत म्हणाली, "बेबी सॅटिस्फाय होत नाहीये. टॉप फीड स्टार्ट करायला सांगितलंय." मी विचारलं, "कशावरून? वजन केलं? लघवी किती वेळा झाली?" ती म्हणाली, "मॅडम, तुम्ही पेशंटच्या कोण?" मी मावशी. आजी असते तर निदान रागाने बघितलं असतं. मावशीला तेवढंही मिळत नाही. डिस्चार्ज कार्डावर औषधांच्या यादीत पावडरच्या डब्याचं नाव होतं, पुढे स्टेजचा आकडा आणि किती चमचे ते. का द्यायचं, याची एक ओळ नाही. पॅरासिटामॉल लिहितानाही माणूस ताप किती ते लिहितो.

आता हे 'सॅटिस्फाय' काय प्रकरण आहे ते बघा. पहिल्या दिवशी तान्ह्याच्या पोटात एका वेळी मावतं ते चमचा-दीड चमचा. आईला त्या दिवसांत येतो तो चीक, पिवळसर, घट्ट, थोडासा. निसर्गाने माप बरोबर घेतलेलं असतं. भरभरून दूध यायला दोन-चार दिवस लागतात, आणि ते यायचं तर बाळाने वारंवार ओढावं लागतं. बाळ जितकं ओढेल तितका शरीराला निरोप जातो की आणखी हवंय. मधल्या या दिवसांत पोर रडतं. रडणारच; आईच्या पोटातली ऊब सोडून ट्यूबलाइटखाली आलंय, खुशाल आहे असं कोणत्या तोंडाने सांगेल? त्या रडण्यावर बाटली दिली की ते पोट तट्ट भरून झोपतं. घरच्यांना हायसं वाटतं. झोपलेलं बाळ ओढत नाही, न ओढल्याने निरोप जात नाही, निरोप नाही म्हणून दूध वाढत नाही, आणि चौथ्या दिवशी सगळ्यांच्या साक्षीने सिद्ध होतं की हिला दूध पुरत नाही. रोग आणि औषध एकाच डब्यातून विकण्याची ही तऱ्हा जगात फार थोड्या धंद्यांना जमली आहे.

एवढं झाल्यावर बाळ अंगावर घ्यायला कुरकुर करू लागतं, कारण बाटलीतून फुकट गळतं आणि आईकडे कष्ट पडतात. त्यालाही इंग्रजी जोडशब्द तयार आहे: 'निपल कन्फ्यूजन'. म्हणजे गोंधळ कुणाचा? बाळाचा! डॉक्टरचा नाही, कंपनीचा नाही, तीन दिवसांच्या जिवाचा. आणि आईच्या वाट्याला येतं 'इनसफिशियंट मिल्क'. कमी ती पडली. बाटलीला मात्र या सगळ्या शब्दकोशात एकही वाईट विशेषण चिकटत नाही.

औषधाच्या दुकानात बाटलीच्या खोक्यावरचे शब्द वाचा एकदा. अँटी-कॉलिक, स्लो-फ्लो, वाइड-नेक. शेजारच्या फळीवर बॉटल वॉर्मर, बॉटल ब्रश, बॉटल स्टरिलायझर. जरा थांबून वाचलं तर यातला प्रत्येक शब्द हा कबुलीजबाब आहे. बाटलीतून हवा पोटात जाते म्हणून अँटी-कॉलिक. बाटलीतून भसाभस येतं म्हणून स्लो-फ्लो. धुतली नीट जात नाही म्हणून वाइड-नेक, तरीही जात नाही म्हणून ब्रश, आणि ब्रशनेही भागत नाही म्हणून भिंतीतल्या विजेवर चालणारं यंत्र. दोष मालाचा आणि प्रत्येक दोषावर वेगळी किंमत. 'बीपीए-फ्री' हा तर कळसच. दूध पाजायच्या प्लास्टिक बाटल्यांसाठी भारतीय मानक आहे, आयएस १४६२५, आणि २०१५ सालच्या आवृत्तीपासून ते रसायन त्यात निषिद्धच आहे. म्हणजे कायदा पाळल्याची फुशारकी खोक्यावर मोठ्या अक्षरांत. मी उद्या घरावर पाटी लावते, 'येथे दरोडा घातला जात नाही'.

बालरोगतज्ज्ञांकडे बाटलीचे आणखीही जोडशब्द आहेत. ते मात्र खोक्यावर छापत नाहीत. 'बॉटल प्रॉपिंग' म्हणजे बाळाच्या तोंडाशी उशी लावून त्यावर बाटली टेकवून आपण निघून जाणं. यात दूध श्वासनळीत जाऊ शकतं. 'नर्सिंग बॉटल केरीज' म्हणजे रात्रभर तोंडात बाटली ठेवून झोपवलेल्या पोरांचे पुढचे दात किडून काळे पडणं. 'नर्सिंग' या शब्दाची चोरी इथे बघा. इंग्रजीत नर्सिंग म्हणजे मुळात अंगावर पाजणं. तो शब्द बाटलीने पळवला. आमच्या त्या नर्सिंग होमनेही पळवलाच होता. तिथे दुसऱ्याच दिवशी नर्सिंग थांबवायची तजवीज झाली होती.

हे काही आजचं नाही. राणी व्हिक्टोरियाच्या इंग्लंडात काचेची चपटी बाटली आणि तिला लांबलचक रबरी नळी अशी दूध पाजायची सोय घरोघर होती. पोराने पाळण्यात पडल्या पडल्या नळी चोखावी, आईने आपली कामं करावी. नळीच्या आत ब्रश जाण्याचा प्रश्नच नव्हता. आत काय साचत असेल ते सांगायला जंतुशास्त्र लागत नाही, नुसतं नाक पुरे. घरकामाचं इंग्रजी बायबल मानल्या गेलेल्या मिसेस बीटनच्या १८६१ सालच्या पुस्तकात बाटलीच्या बोंडीबद्दल सल्ला आहे की एकदा बांधली की नवी बांधेपर्यंत सोडायची गरज नाही, आणि नवी साधारण पंधरवड्याने लागेल. पंधरा दिवस! या बाटल्यांना लोकांनी शेवटी नाव दिलं 'मर्डर बॉटल'. फ्रान्सने १९१० मध्ये नळीच्या बाटलीवर कायद्याने बंदी घातली. इंग्लंडातल्या दुकानात मात्र ती 'अलेक्झांड्रा' अशा राजघराण्यातल्या नावांनी मिरवत होती. माल तोच, विकणाऱ्याच्या तोंडी राजकन्या, पुरणाऱ्याच्या तोंडी खून.

'फॉर्म्युला' हा शब्दही असाच गोंडस. भुकटी म्हटलं की कसं, पिठाच्या गिरणीची आठवण येते. फॉर्म्युला म्हटलं की प्रयोगशाळा दिसते. एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी बॉस्टनचे डॉक्टर थॉमस मॉर्गन रॉच यांनी गाईच्या दुधात स्निग्धांश किती, साखर किती, प्रथिनं किती याची टक्केवारी प्रत्येक बाळासाठी लिहून द्यायची पद्धत काढली. ते गणित म्हणजे फॉर्म्युला. आईला ते जमण्यासारखं नव्हतंच, आणि तेच त्या पद्धतीचं मर्म होतं: दर थोड्या दिवसांनी गणित बदलायला डॉक्टरकडे जाणं आलं. पुढे अमेरिकेत मीड जॉन्सन कंपनीने बाळांच्या दुधात घालायची साखर काढली आणि डब्यावर ती कशी वापरायची हे मुद्दाम छापलंच नाही. सूचना फक्त डॉक्टर देणार. डॉक्टरला गिऱ्हाईक, कंपनीला डॉक्टर. माझ्या भाचीच्या डिस्चार्ज कार्डावरची ओळ किती जुनी आहे ते लक्षात आलं ना?

या शब्दांच्या व्यापाराला भर सभेत खून म्हणणारी बाई म्हणजे डॉक्टर सिसिली विल्यम्स. जन्माने जमैकाची. आफ्रिकेतल्या गोल्ड कोस्टमध्ये काम करताना क्वाशिओरकोर हा कुपोषणाचा आजार जगापुढे आणला तो तिनेच. १९३९ मध्ये सिंगापूरच्या रोटरी क्लबमध्ये तिला भाषणाला बोलावलं आणि तिने विषय घेतला 'मिल्क अँड मर्डर'. गरीब आयांना साखर घातलेलं डब्यातलं दूध विकलं जात होतं, तेही परिचारिकेचा पोशाख घातलेल्या विक्रेत्या बायांकडून. तिने सांगून टाकलं की तान्ह्यांच्या आहाराबद्दलचा असला अपप्रचार राजद्रोहासारखा शिक्षापात्र आहे आणि यातून होणारे मृत्यू खून मानले पाहिजेत. रोटरीच्या जेवणावर असं बोलायला छाती लागते. आपल्याकडच्या परिषदांत जेवण कुणाच्या पैशाचं आहे हे आधी बघून भाषण लिहितात.

त्यानंतर पस्तीस वर्षांनी, १९७४ मध्ये, ब्रिटनच्या 'वॉर ऑन वॉन्ट' संस्थेसाठी माइक म्युलर यांनी 'द बेबी किलर' ही पुस्तिका लिहिली. स्विस कार्यकर्त्यांनी तिच्या जर्मन आवृत्तीला थेट 'नेस्ले बाळांना मारते' असं नाव दिलं. कंपनी कोर्टात गेली. १९७६ मध्ये कार्यकर्त्यांना नावापुरता दंड झाला आणि न्यायाधीशांनी कंपनीलाही तिच्या विक्रीच्या पद्धती बदलायला सुनावलं. १९७७ पासून कंपनीच्या मालावर बहिष्कार. मे १९८१ मध्ये जागतिक आरोग्य सभेत आईच्या दुधाच्या पर्यायांच्या विक्रीची आंतरराष्ट्रीय संहिता मंजूर झाली, बाजूने ११८ देश, विरोधात एकटी अमेरिका.

मग आपला कायदा. १९९२ चा, लागू झाला १ ऑगस्ट १९९३ ला. तान्ह्यांच्या दुधाचे पर्याय, दूध पाजायच्या बाटल्या आणि बालआहार यांच्या उत्पादन, पुरवठा आणि वाटपाचं नियमन करणारा. नाव लांब असलं तरी हा आपल्या देशातला फार हुशार कायदा आहे, कारण बाटलीचा धंदा शब्दांवर चालतो हे त्याने ओळखलं. डब्यावर बाळाचं किंवा बाईचं चित्र नको. आणि 'ह्यूमनाइज्ड' किंवा 'मॅटर्नलाइज्ड' हे शब्द नकोत, त्यांच्यासारखे दुसरेही नकोत. कायद्याने शब्द नावानिशी पकडून हद्दपार केले, असं उदाहरण मला तरी दुसरं चटकन आठवत नाही. भुकटीचं मानवीकरण! मातृत्वीकरण! हे लिहिणाऱ्या जाहिरातवाल्याला आई होती की नाही, अशी शंका यावी. २००३ च्या दुरुस्तीने जाहिरातबंदी टीव्ही-इंटरनेटसकट सगळीकडे आणि दोन वर्षांपर्यंतच्या मुलांच्या आहाराला लावली, आणि डॉक्टरांच्या परिषदांना कंपन्यांचा पैसा बंद केला. शिक्षा तीन वर्षांपर्यंत कैद.

कागदावर. प्रत्यक्षात दोन शब्द बाहेर काढले तर वीस आत आले. 'क्लोजर टू नेचर' नावाची बाटल्यांची एक मालिकाच आहे. निसर्गाच्या जवळ, पॉलिप्रॉपिलीनची! 'नॅचरल' आहे, 'गट-फ्रेंडली' आहे. 'लॅक्टोजेन' हे डब्याचं नाव तर आपल्या घरांत साबणासारखं रुळलंय. अर्थ बघितला तर दूध निर्माण करणारं, आणि गरोदर बाईच्या वारेतून जे संप्रेरक स्रवतं त्यालाही डॉक्टर प्लासेंटल लॅक्टोजेनच म्हणतात. शिवाय 'स्टेज'. स्टेज वन, टू, थ्री. पोराने पायरी चढली की डबा बदला. यातलं 'फॉलो-अप' दूध गरजेचंच नाही असं जागतिक आरोग्य सभेने १९८६ मध्येच ठरावात म्हटलंय. ठरावाला कोण विचारतो? लॅन्सेटमधल्या २०२३ च्या लेखमालेत या धंद्याची वर्षाची उलाढाल ५५ अब्ज डॉलर दिली आहे. एवढ्या पैशात शब्द हवे तेवढे मिळतात. आता तर जाहिरातही करावी लागत नाही. मोबाइलवर एखादी गोड आई बाळाला मांडीवर घेऊन आपली 'फीडिंग जर्नी' सांगते, मागे फळीवर डबा असतो, सहज दिसेल असा. ती जाहिरात नाही हो, ती जर्नी आहे.

आपल्या आज्यांनाही मी मोकळं सोडणार नाही. चीक पिळून फेकायचा, मध चाटवायचा, गुटी उगाळायची, उन्हाळा आहे म्हणून पाणी पाजायचं, हे सगळं मराठीतच चालत होतं. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणाच्या २०१९-२१ च्या फेरीत देशातल्या जेमतेम ४२ टक्के बाळांना जन्मानंतर तासाभरात अंगावर घेतलं गेलं होतं. याचं सगळं खापर कंपन्यांवर फोडता येणार नाही. फरक इतकाच की आजी मधाच्या बाटलीवर कमिशन खात नव्हती.

आणि कुणी लगेच विचारेल, मग ज्यांना खरंच पाजता येत नाही त्यांनी काय करायचं? आई गेलेली, आजारी, दत्तक घेतलेलं बाळ. त्यांना पावडर लागते, त्यांनी ती ताठ मानेने द्यावी. पण तीसुद्धा बाटलीतूनच कशाला? आपल्याकडे बोंडलं होतं, चोच असलेलं चांदीचं नाहीतर पितळेचं इवलंसं भांडं. वाटी-चमचा आहे. दोन्हींना ना मान असते ना नळी, बोट घालून घासता येतात. बालरोगतज्ज्ञही तेच सांगतात, पण हळू आवाजात, कारण वाटी-चमच्याचा प्रतिनिधी दिवाळीला मिठाई घेऊन येत नाही. पावडर निर्जंतुक नसते, ती निदान ७० अंश सेल्सिअस गरम पाण्यात कालवावी, हे जागतिक आरोग्य संघटनेने २००७ मध्ये सांगितलं. ज्या वस्तीत नळाला दोन दिवसांआड पाणी येतं आणि गॅस जपून वापरतात, तिथे दर तीन तासांनी, रात्री दोन वाजतासुद्धा, हे कोण करणार आहे? तिथली आई डबा पुरवून पुरवून वापरते, चार चमच्यांच्या जागी दोन. पोर पाण्यावर वाढतं. आणि तिला कुणी वाईट म्हणू नये. तिने फक्त आपल्यापेक्षा शिकलेल्यांचं ऐकलं.

नोकरी करणारीचं तर बोलायलाच नको. मातृत्व लाभाच्या १९६१ च्या कायद्याने मूल पंधरा महिन्यांचं होईपर्यंत कामाच्या वेळात पाजायला दोन सुट्ट्या दिल्या. २०१७ पासून रजा २६ आठवडे, पन्नास किंवा जास्त माणसं असलेल्या कचेरीत पाळणाघर. आपल्या ओळखीत कुणी त्या दोन सुट्ट्या घेतल्याचं ऐकलंय? आणि बीडहून कोयता घेऊन उसाच्या फडावर गेलेलीला कोणत्या कचेरीची रजा? तिच्यासाठी आपण काय केलं, तर एसटी स्टँडवर हिरकणी कक्ष काढला. मी पाहिलेल्यांपैकी बऱ्याच कक्षांना कुलूप असतं, किल्ली कंट्रोलरकडे, आणि कंट्रोलर जेवायला. एकात झाडू आणि फुटके बाक होते. नाव मात्र हिरकणीचं. ती रायगडावर दूध विकायला जायची, हे आपण विसरतो. भरल्या घागरी घेऊन गड चढणारी गवळण. दुधाची तिला काय वाण होती? तरी दरवाजे बंद झाल्यावर घरच्या तान्ह्यासाठी रात्री कडा उतरून गेली, कारण विकायचं दूध कोणतं आणि पाजायचं कोणतं हे तिला कुणी स्टेज वन, स्टेज टू करून सांगायला नव्हतं.

हे सगळं जमत नाही, असं म्हणणाऱ्यांना मी शीवच्या लोकमान्य टिळक रुग्णालयाचं नाव सांगते. पालिकेचं रुग्णालय, धारावीच्या शेजारचं, गर्दीने ओसंडून वाहणारं. तिथे डॉक्टर आर्मिडा फर्नांडिस यांनी २७ नोव्हेंबर १९८९ रोजी आईच्या दुधाची पेढी सुरू केली, आशियातली पहिली. ज्यांना जास्त येतं त्या आयांनी द्यायचं, ६२.५ अंशांवर अर्धा तास तापवून साठवायचं आणि कमी दिवसांच्या, नाजूक बाळांना पाजायचं. देणाऱ्या बायका कोण? तिथल्याच, त्याच वॉर्डातल्या. ज्यांच्याकडे घर धड नाही त्यांच्याकडे देण्याइतकं दूध निघालं, आणि आमच्या एसी खोलीतल्या भाचीला म्हणे पुरत नव्हतं. वर्ध्यात ३ डिसेंबर १९९१ रोजी ब्रेस्टफीडिंग प्रमोशन नेटवर्क ऑफ इंडिया स्थापन झालं. त्या संस्थेला आणि मुंबईच्या 'अ‍ॅकॅश' या ग्राहक संस्थेला १९९२ च्या कायद्याखाली थेट तक्रार करण्याचा अधिकार आहे. म्हणजे कायदा आहे, तक्रार करू शकणारे आहेत, पर्याय सिद्ध करून दाखवणारं पालिकेचं रुग्णालय आहे. नाही ती फक्त तक्रार करायची सवय.

भाचीचं पुढे काय झालं हे विचारायचा मोह होत असेल. ते तिचं खासगी आहे.

मला काय हवंय ते सांगते. प्रसूतिगृहातल्या डिस्चार्ज कार्डावर 'टॉप फीड' लिहायचं असेल तर शेजारी कारण लिहा: बाळाचं जन्माचं वजन, आजचं वजन, चोवीस तासांत लघवी किती वेळा, आईला पाजायला बसवून कुणी आणि किती वेळा मदत केली. डब्याचं नाव लिहू नका. खाली पूर्ण नाव आणि नोंदणी क्रमांकासह सही करा. आणि ते सगळं मराठीत लिहा, 'वरचं दूध द्यावे' असं, म्हणजे सही करताना हात थोडा तरी अडखळेल. कार्ड घेणाऱ्यांनी त्याचा फोटो काढून ठेवा. जिथे नुसतं ब्रँडचं नाव असेल तो फोटो वर सांगितलेल्या दोन संस्थांकडे पाठवा. सिस्टर "तुम्ही कोण?" विचारेल. मावशी म्हणून सांगा.